कै. दादासाहेब फाळके : एका घराने उभारलेली चित्रसृष्टी

नाशिक क्षेत्राचे नाव काढले की गोदातीर, पंचवटी, काळा राम आणि त्र्यंबकराज ही पुण्यस्थाने प्रथम डोळ्यांसमोर येतात. परंतु ह्याच भूमीने भारतवर्षाला एक अगदी नवी कला दिली, हे आपल्यापैकी पुष्कळांना केवळ ऐकून माहीत असते. पांडवलेण्यांच्या पायथ्याशी उभ्या असलेल्या फाळके स्मारकात आपण मुलाबाळांसह सहलीला जातो, तेथील हिरवळीवर घटकाभर बसतो आणि परततो. ते स्मारक ज्यांचे, त्या धुंडिराज गोविंद उपाख्य दादासाहेब फाळके यांनी आपल्या संसारातील काय काय ह्या कलेच्या पायी वाहिले, याचा विचार मात्र सहसा मनात येत नाही. आपल्या संघाच्या ह्या स्मरणिकेच्या वाचकांत आईवडील आहेत, आजीआजोबा आहेत आणि शाळकरी मुलेही आहेत. म्हणून दादासाहेबांचे चरित्र येथे केवळ एका कलावंताचे म्हणून न सांगता एका कुटुंबाचे म्हणून सांगण्याचे योजिले आहे.

दादासाहेबांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. वडील गोविंद सदाशिव फाळके हे दाजीशास्त्री या नावाने ओळखले जाणारे संस्कृत पंडित होते व आईचे नाव द्वारकाबाई. पौरोहित्य आणि शास्त्राध्ययन हा घराण्याचा वारसा. पुढे वडिलांना मुंबईच्या विल्सन महाविद्यालयात संस्कृत अध्यापनाचे काम मिळाले आणि कुटुंब मुंबईस आले. धुंडिराजाचा ओढा मात्र पोथीपेक्षा रंगाकडे व कुंचल्याकडे अधिक. सन १८८५ मध्ये त्यांनी सर जमशेटजी जीजीभाई कलाशाळेत नाव घातले. त्यानंतर थोरल्या बंधूंसमवेत ते बडोद्यास गेले आणि तेथील कलाभवनात चित्रकला, मूर्तिकाम, वास्तुकला व छायाचित्रण यांचा त्यांनी कसून अभ्यास केला. कलाभवनाचे प्रमुख प्राध्यापक गज्जर यांची त्यांच्यावर मर्जी बसली. अहमदाबादच्या १८९२ च्या औद्योगिक प्रदर्शनात आदर्श नाट्यगृहाच्या प्रतिकृतीबद्दल त्यांना सुवर्णपदक मिळाले. शास्त्र्याच्या घरातील मुलाने असे हातांनी करावयाचे धंदे शिकावेत, ही त्या काळी सर्वांनाच रुचणारी गोष्ट नव्हती. तथापि वडिलांनी त्यांना अडविले नाही, ही गोष्ट पालकांनी ध्यानी घेण्याजोगी आहे.

शिक्षण संपले तरी स्थैर्य मिळाले नाही. गोध्रा येथे त्यांनी छायाचित्रणाचा व्यवसाय मांडला. तेथे प्लेगची साथ आली व तीत त्यांची प्रथम पत्नी आणि मूल दोघेही गेली. व्यवसाय मोडून ते पुनश्च बडोद्यास आले, तो तेथे वेगळीच अडचण उभी राहिली. कॅमेऱ्यापुढे बसल्याने अंगातील शक्ती ओढली जाते व आयुष्य घटते, असा लोकांचा समज होता. छायाचित्रणाने पोट भरेना, तेव्हा त्यांनी नाटकांचे पडदे रंगविले आणि एका जर्मन जादूगाराच्या सहवासात हातचलाखीचे प्रयोगही शिकून घेतले. सन १९०२ मध्ये त्यांचा दुसरा विवाह झाला. वधूचे माहेरचे आडनाव करंदीकर. ह्याच सरस्वतीबाई फाळके. ह्या साध्वीचे नाव पुढे ह्या चरित्रात वारंवार येणार आहे, कारण त्यांना वगळून दादासाहेबांचे चरित्र सांगणे म्हणजे अर्धेच सांगणे होय.

विवाहानंतर दादासाहेबांनी पुरातत्त्व खात्यात छायाचित्रकार व आरेखक म्हणून सरकारी नोकरी धरली. खाऊनपिऊन सुखी राहावे अशी ती नोकरी होती. परंतु सन १९०६ मध्ये त्यांनी ती सोडली आणि लोणावळ्यास छापखाना काढला. प्रसिद्ध चित्रकार राजा रविवर्मा यांच्या छापखान्याची कामे तेथे होत. पुढे हा छापखाना मुंबईस दादर येथे आला व लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स या नावाने नावारूपास आला. रंगीत छपाईची यंत्रे आणण्यासाठी दादासाहेब सन १९०९ मध्ये जर्मनीस जाऊन आले. छापखाना भरभराटीस आला असतानाच भागीदारांशी मतभेद झाले आणि सन १९११ मध्ये पदरात काही न घेता ते बाहेर पडले. त्यांचे वय त्या वेळी चाळिशीच्या पुढे होते, घरात लहान मुले होती आणि हाती उद्योग नव्हता.

चलच्चित्राची कला तोवर मुंबईस नवी राहिली नव्हती. पॅरिस येथे ल्यूमिएर बंधूंनी २८ डिसेंबर १८९५ रोजी आपली चित्रे लोकांस दाखविली आणि ७ जुलै १८९६ रोजी तीच मुंबईच्या वॉटसन हॉटेलात दाखविली गेली. येथे एक मौजेची गोष्ट सांगण्यासारखी आहे. ल्यूमिएर बंधूंच्या त्या पहिल्यावहिल्या चित्रांत एक चित्र त्यांच्या घरचेच होते. थोरले बंधू ओग्युस्त व त्यांची पत्नी बागेत बसून आपल्या तान्ह्या मुलीला भरवीत आहेत, एवढेच त्यात दिसते. म्हणजे चलच्चित्राच्या जन्माबरोबरच घरातले मूल पडद्यावर आले! आपल्याकडे कै. सावेदादा भाटवडेकर यांनी सन १८९९ मध्ये मुंबईस कुस्तीचा सामना टिपला होता. सन १९१२ च्या मे महिन्यात दादासाहेब तोरणे यांचे ‘पुंडलिक’ हे नाट्यप्रयोगाचे चित्रणही मुंबईस दाखविले गेले. ह्या मंडळींचे श्रेय त्यांना दिलेच पाहिजे. पूर्ण लांबीची कथा स्वतः रचून, पात्रे शिकवून, चित्रण, धुलाई व जोडणी हे सारे येथल्या येथे करण्याचा मान मात्र फाळके यांच्याकडेच जातो.

ह्या कलेची ओळख त्यांच्या घरात शिरली तीही मुलाच्या बोटाला धरून. सन १९१०-११ च्या सुमारास दादासाहेब थोरला मुलगा भालचंद्र याला घेऊन गिरगावातील एका तंबूवजा चित्रपटगृहात गेले. पडद्यावर जनावरे हिंडताना पाहून आलेल्या त्या बालकाने घरी येऊन आईला ती नवलाई सांगितली. आईचा विश्वास बसेना. तेव्हा सर्व कुटुंबच खेळ पाहावयास गेले. त्या वेळी ख्रिस्ती सणाच्या निमित्ताने येशू ख्रिस्ताच्या चरित्रावरील चित्र चालू होते. ते पाहत असता दादासाहेबांच्या मनःचक्षूंसमोर राम व कृष्ण, गोकुळ व अयोध्या उभी राहिली. आपल्या देवादिकांच्या कथा अशाच पडद्यावर का येऊ नयेत, ह्या एका विचाराने त्यांना ग्रासले. पुढील कित्येक महिने त्यांनी रोज चित्रे पाहण्यात, विदेशी पुस्तके वाचण्यात आणि खेळण्यातल्या यंत्रावर प्रयोग करण्यात घालविले. झोप व आहार यांची आबाळ झाली, डोळ्यांवर ताण पडून काही काळ दृष्टी गेल्यासारखी झाली आणि वैद्यकीय उपचारांनी ती पुन्हा परत आली.

विद्या शिकावयाची तर विलायतेस गेले पाहिजे. त्याकरिता दादासाहेबांनी आपल्या बारा हजारांच्या विम्याच्या कागदावर दहा हजारांचे कर्ज उचलले व सन १९१२ च्या फेब्रुवारीत ते लंडनला निघाले. तेथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांशी त्यांची ओळख झाली व त्यांच्यामार्फत सेसिल हेपवर्थ या निर्मात्याच्या वॉल्टन येथील चित्रशाळेत त्यांना शिकावयास मिळाले. विल्यमसन बनावटीचा कॅमेरा, फितीला छिद्रे पाडण्याचे यंत्र आणि कच्ची फिल्म यांची मागणी नोंदवून दोन महिन्यांत ते परतले.

यंत्रे मे महिन्यात दादरच्या घरी येऊन पोहोचली. दादासाहेबांनी ती खोक्यांतून काढून स्वतः जुळविली. कॅमेरा नीट चालतो की नाही हे पाहण्यासाठी त्यांनी पहिले चित्रण कशाचे केले असेल? घराच्या आवारात खेळणाऱ्या मुलामुलींचे! कोणी धावत आहे, कोणी उड्या मारीत आहे, अशी ती चित्रे त्यांनी घरीच धुऊन घरच्याच भिंतीवर पाडली. आज वाढदिवसाला वा मुंजीला आपण मुलांची चलच्चित्रे सहज घेतो. त्या प्रथेचा आपल्याकडील एक उगम दादरच्या त्या बंगल्यात आहे, असे म्हटले तर वावगे होणार नाही.

मुलांची चित्रे घरात कौतुकाची, पण सावकार त्यावर पैसा थोडाच देणार? म्हणून दादासाहेबांनी एका कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याच्यापुढे कॅमेरा रोवला. महिनाभर ठरावीक अंतराने एकेक चित्र घेत गेल्यावर, पडद्यावर क्षणार्धात बीज फुटते, कोंब वर येतो आणि वेल चढू लागतो असे दृश्य तयार झाले. ‘अंकुराची वाढ’ म्हणून ओळखले जाणारे हे लहानसे चित्र पाहून भांडवल देणारे गृहस्थ पुढे आले. मात्र कर्जास तारण हवे होते. त्या वेळी सरस्वतीबाईंनी आपले दागिने काढून दिले. दागिना म्हणजे स्त्रीचे संकटकाळचे एकमेव धन, अशी त्या काळची समजूत व परिस्थितीही होती. ज्या धंद्याचे नावही शेजारीपाजारी कोणी ऐकले नव्हते, त्या धंद्यासाठी तिने ते धन दिले.

त्यानंतर ‘राजा हरिश्चंद्र’ या चित्रपटाची उभारणी सुरू झाली आणि खरी अडचण तेथे दिसून आली. नाटकात काम करणे हेच जेथे कमीपणाचे, तेथे ह्या अपरिचित तमाशात कोण येणार? जाहिराती दिल्या, नाचगाण्यावर उपजीविका करणाऱ्या स्त्रियांनाही विचारून पाहिले, परंतु तारामतीचे काम करावयास एकही स्त्री मिळाली नाही. अखेर ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके हे तरुण दरमहा पंधरा रुपयांवर तारामती झाले. दत्तात्रय दामोदर दाबके यांना हरिश्चंद्राची भूमिका मिळाली. राहता राहिला राजपुत्र रोहिदास. कथेत रोहिदास सर्पदंशाने मरतो. आपल्या मुलाचे मरण, मग ते खोटे का असेना, कोणत्याही आईबापांना चालेना. अपशकुनाची भीती सर्वांनाच होती. तेव्हा फाळके दांपत्याने आपल्या भालचंद्राला उभे केले. अशा रीतीने भारताच्या पहिल्या कथाचित्रातील पहिला बालनट हा निर्मात्याच्याच घरचा मुलगा ठरला.

ह्या चित्रणाच्या काळातली एक आठवण सांगितली जाते. मुंबईबाहेर वांगणी गावी मुक्काम असता भालचंद्र खेळताना पडला, डोक्यास जखम झाली व त्याची शुद्ध हरपली. बरोबरच्या मंडळींनी काम थांबवून मुंबईस परतण्याचा सल्ला दिला. दादासाहेबांनी उपचार केले, परंतु काम थांबविले नाही. मुलगा पुढे बरा झाला. शिक्षक म्हणून आयुष्यभर मुलांत वावरलेल्या माणसाला ही हकीकत वाचताना मनातून चर्र झाल्यावाचून राहत नाही. बापाचे मन व कलावंताचे मन यांची अशी कसोटी कोणावर येऊ नये. दादासाहेबांच्या निर्णयाला कोणी निष्ठा म्हणेल, कोणी कठोरपणा म्हणेल. माझ्या मते दोन्ही म्हणणारे अंशतः खरे बोलतात. थोरांची चरित्रे वाचताना त्यांच्या कुटुंबीयांनी काय सोसले तेही आपण वाचले पाहिजे, ते एवढ्याचसाठी.

सरस्वतीबाईंच्या श्रमांचा हिशेब शाळेतील गणिताप्रमाणे मांडून पाहू. त्या काळी कच्ची फिल्म छिद्रांवाचून येई आणि कडांना छिद्रे आपण पाडून घ्यावी लागत. एक फूट फितीत सोळा चित्रे बसतात व प्रत्येक चित्राच्या दोन्ही कडांना मिळून आठ छिद्रे असतात, म्हणजे फुटाला एकशे अठ्ठावीस. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी सुमारे ३,७०० फूट होती. नुसत्या तेवढ्याच लांबीची छिद्रे पावणेपाच लाखांच्या घरात जातात. वाया गेलेली फीत आणि पुढे काढलेल्या प्रती वेगळ्याच. हे काम अंधाऱ्या खोलीत, अंदाजाने, बहुधा रात्री सरस्वतीबाई करीत. दिवसा साठसत्तर माणसांचा स्वयंपाक, चित्रणाच्या वेळी उन्हाचा प्रकाश पात्रांवर पाडण्यासाठी पांढरी चादर धरून उभे राहणे, रसायने कालवून फिल्म धुण्यास हात लावणे आणि शिवाय लेकरांचे संगोपन! मुंबईच्या कोणत्याही भित्तिपत्रकावर ह्या माउलीचे नाव नव्हते.

सहा महिने सत्तावीस दिवसांच्या खटपटीनंतर चित्रपट पुरा झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांना तो दाखविण्यात आला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये सर्वांसाठी खुला झाला. लोकांनी त्याचे उत्तम स्वागत केले. त्याच वर्षी दादासाहेबांनी आपला कारखाना नाशिकला हलविला. जन्मभूमीची ओढ तर होतीच. शिवाय गोदावरीचे घाट, पुरातन मंदिरे, डोंगर आणि अरण्य असे पौराणिक कथांना साजेसे सारे दृश्य येथे आयते होते. येथे तयार झालेल्या ‘मोहिनी भस्मासुर’ या चित्रपटात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या मायलेकींनी काम केले आणि भारतीय पडद्यावर प्रथमच स्त्रिया आल्या. पाठोपाठ ‘सत्यवान सावित्री’ आला. आपल्या नाशिक-त्र्यंबक परिसराची दृश्येही दादासाहेबांनी लहान चित्रांतून टिपली.

सन १९१४ मध्ये हे तीन चित्रपट घेऊन दादासाहेब पुन्हा लंडनला गेले. तेथील जाणकारांनी कामाची वाखाणणी केली व हेपवर्थ यांनी चांगल्या वेतनाचे आमिषही दाखविले, पण हा उद्योग आपल्याच देशात रुजला पाहिजे या निश्चयाने दादासाहेबांनी ते नाकारले. इतक्यात महायुद्ध पेटले. इकडे भांडवलदारांनी हात आखडता घेतला आणि नाशिकचा कारखाना बंद पडण्याची वेळ आली. ह्या पडत्या काळातून मार्ग काढीत सन १९१७ मध्ये ‘लंकादहन’ निघाला. यात राम व सीता ही दोन्ही कामे एकट्या अण्णा साळुंके यांनी केली. मुंबईत पहिल्या दहा दिवसांतच ह्या चित्रपटाने बत्तीस हजार रुपये मिळविले. पडद्यावर प्रभू रामचंद्र आले की प्रेक्षक पायांतील वहाणा काढून हात जोडीत, असे सांगतात.

ह्या यशामुळे पाच भागीदार पुढे आले आणि १ जानेवारी १९१८ रोजी हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली. नाशिकच्या तिच्या आवारात पुढे शंभराच्या आसपास माणसे एकत्र कुटुंबासारखी राहत. वेळेवर उठणे, व्यायाम, वाचन यांना तेथे स्थान होते. ह्याच कंपनीच्या ‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) आणि ‘कालियामर्दन’ (१९१९) या चित्रपटांत बाळकृष्ण झाली ती दादासाहेबांची लहानगी कन्या मंदाकिनी.

‘कालियामर्दन’ची सुरुवात विशेष पाहण्यासारखी आहे. कथेला आरंभ होण्यापूर्वी मंदाकिनी आपल्या स्वतःच्या रूपात, जवळून, पडद्यावर दिसते. ती हसते, रुसते, रागावते, रडवेली होते. सात वर्षांच्या बालिकेच्या मुद्राभिनयाचा हा नमुना दाखवून मग तीच मुलगी हळूच कृष्णाच्या वेषात प्रकट होते. एका बापाने आपल्या लेकीचे घेतलेले हे चित्र आहे, हे पाहणाऱ्याला लगेच कळते. पुढे ती यमुनेच्या डोहात शिरून कालियाशी झुंजते आणि फणीवर नाचते. हा चित्रपट मुंबईस अनेक महिने चालला. सबंध देशात लोक ज्या बाळकृष्णाला हात जोडीत होते, तो बाळकृष्ण नाशिकच्या एका घरातील कन्या होती. ज्या काळात मोठ्या स्त्रियांनाही पडद्यावर येण्याची चोरी होती, त्या काळात घरच्या मुलीला उभे करण्यास केवढे धैर्य लागले असेल! लोकनिंदेची पहिली झळ इतरांच्या घरास लागू न देता स्वतःच्या घरास लावून घेणे, हे दादासाहेब व सरस्वतीबाई यांचे वैशिष्ट्य होय.

यश आले, तरी सुख लाभले नाही. भागीदारांना हिशेब व वेळापत्रक हवे, दादासाहेबांना मनासारखे काम हवे. खटके उडाले आणि सन १९१९-२० च्या सुमारास ते सर्व सोडून कुटुंबासह काशीस गेले. तेथे त्यांनी ‘रंगभूमी’ हे नाटक लिहिले. ‘संदेश’कार अच्युतराव कोल्हटकर यांच्यासारख्यांनी परत येण्याचा आग्रह केला. अखेर सन १९२२ मध्ये ते नाशिकच्या कंपनीत परतले व पुढील काही वर्षे चित्रपट काढीत राहिले. परंतु पूर्वीची सत्ता व पूर्वीचा उत्साह राहिला नव्हता. स्वतंत्रपणे काढलेला ‘सेतुबंधन’ पैशांअभावी रखडला. तो पुरा होतो न होतो तोच १४ मार्च १९३१ रोजी ‘आलम आरा’ प्रदर्शित होऊन बोलपटाचे युग सुरू झाले होते. मूकपटाला विचारतो कोण? नंतर ‘सेतुबंधन’ला आवाजाची जोड देण्यात आली. कोल्हापूरच्या छत्रपती राजाराम महाराजांच्या आश्रयाने सन १९३७ मध्ये त्यांनी ‘गंगावतरण’ हा बोलपट काढला. सदुसष्ट वर्षे वयाच्या ह्या वृद्धाचे ते शेवटचे चित्र. एकोणीस वर्षांच्या मूकपटकाळात त्यांनी सुमारे पंचाण्णव चित्रपट व सव्वीस लघुपट निर्माण केले, अशी गणना केली जाते.

उत्तरायुष्य नाशिकमध्येच गेले आणि ते ओढग्रस्तीत गेले. ज्या धंद्यात इतरांचे वाडे उभे राहिले, त्या धंद्याच्या जनकाजवळ संपत्ती उरली नाही. सन १९३९ च्या चित्रपटव्यवसायाच्या रौप्यमहोत्सवात त्यांना पाच हजारांची थैली देण्यात आली, तिचा त्यांना घरासाठी उपयोग झाला. पुढे दुसऱ्या महायुद्धाच्या काळात नवा चित्रपट काढण्यास सरकारी परवाना लागे. वृद्धपणीही त्यांच्या मनात नवे चित्र होते, पण परवाना मिळाला नाही. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांनी इहलोकीची यात्रा संपविली. भारत सरकारने सन १९६९ पासून त्यांच्या नावे चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च पुरस्कार सुरू केला, पहिला मान देविकाराणी यांना मिळाला. सन १९७१ मध्ये टपाल तिकीट निघाले. सन २००९ च्या परेश मोकाशी यांच्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ या मराठी चित्रपटाने ह्या कुटुंबाची कहाणी नव्या पिढीस सांगितली, हे चांगले झाले.

आता शेवटची एक गोष्ट. दादासाहेबांच्या एवढ्या प्रचंड निर्मितीपैकी आज फारच थोडे शिल्लक आहे. त्या काळची फिल्म नायट्रेटची, चटकन पेट घेणारी आणि वेष्टनातच कुजून भुकटी होणारी. बहुतेक चित्रे अशीच गेली. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सन १९६४ मध्ये स्थापन झाले आणि त्याचे संग्राहक पी. के. नायर यांनी जंग जंग पछाडून फाळके यांच्या चित्रांचे तुकडे मिळविले. कुटुंबीयांनी जपून ठेवलेल्या फितींचा त्यात मोठा वाटा आहे. मंदाकिनीचा तो सात वर्षांचा चेहरा आज आपण पाहू शकतो, तो अशा जपणुकीमुळेच. दादरच्या आवारात खेळणाऱ्या मुलांचे ते पहिले चित्र मात्र काळाच्या उदरात गेले.

आपल्या संघाच्या कुटुंबांना म्हणून एवढेच सुचवावेसे वाटते. आपल्या घरी आजोबापणजोबांची छायाचित्रे असतील, लग्नामुंजींच्या चित्रफिती असतील, आणि आता तर हातातल्या फोनमध्ये नातवंडांची शेकडो चलच्चित्रे असतात. घेणे सोपे झाले आहे, जपणे अजूनही कठीणच आहे. छायाचित्रामागे नाव, नाते व साल लिहावे. चित्रफितीची दुसरी प्रत दुसऱ्या घरी ठेवावी. वडीलधारी माणसे हयात आहेत तोवर, चित्रात कोण कोण आहे ते त्यांना विचारून घ्यावे. आणि घरातील एखाद्या मुलाने वा मुलीने अपरिचित विद्येचा ध्यास घेतला तर चारचौघे काय म्हणतील ह्या एका भीतीने त्यास अडवू नये. त्याबरोबरच त्या ध्यासाचा भार घरातील कोणावर पडतो आहे, इकडेही लक्ष ठेवावे. दादासाहेबांच्या चरित्रातून धैर्य घ्यावे आणि सरस्वतीबाईंच्या चरित्रातून त्या धैर्याची किंमत कोण चुकविते ते शिकावे. पुढच्या खेपेस मुलांना घेऊन स्मारकावर जाल, तेव्हा त्यांना दादासाहेबांबरोबर सरस्वतीबाई, भालचंद्र व मंदाकिनी ह्यांचीही नावे सांगा, एवढी विनंती करून हा लेख संपवितो. इत्यलम्.